गावाचा आयडी, आपली झेरॉक्स



मला दिलेला विषय आहे ‘डिजिटल काळातील कायदा आणि खासगीपणा’. आर्णीत बसून या विषयावर बोलायचं तर सुरुवात दिल्लीपासून कशाला करायची? आपल्याच तालुक्यातलं शेंदुरसनी घ्या. हजार-दीड हजार वस्तीचं गाव. २०२५च्या शेवटी उघडकीला आलं, की जन्म-मृत्यू नोंदणीच्या केंद्रीय प्रणालीत, म्हणजे सीआरएसमध्ये, या एका ग्रामपंचायतीच्या आयडीवर अवघ्या काही महिन्यांत २७ हजारांहून जास्त जन्म नोंदवले गेले होते. गावातल्या कुणाच्या घरी पाळणा हलला नव्हता. गावाचा आयडी गावाबाहेरचे लोक वापरत होते. सरकारनं विशेष तपास पथक नेमलं, तपास बिहारपर्यंत गेला.

बातमी आली आणि दोनच दिवसांत तिचा विषय बदलला. लॉगिन कसं फुटलं, कुणी फोडलं, प्रणालीला आठवड्यातच शंका का आली नाही, हे प्रश्न मागं पडले. किरीट सोमय्या यांनी आणि इतरांनी हा बांगलादेशी घुसखोरांचा विषय म्हणून लावून धरला. मग मोहल्ल्यातल्या माणसाला काय वाटणार? ज्याचा या प्रकरणाशी काडीचा संबंध नाही, तोही रात्री पेटी उघडून आजोबांचे कागद शोधू लागला.

मी वकील आहे. माझ्याकडे हल्ली येणारी अर्धी माणसं कागदाच्या भीतीनं येतात. ही भीती उगीच नाही. जन्म-मृत्यू नोंदणी कायद्यात दुरुस्ती झाली. १ ऑक्टोबर २०२३पासून जन्मलेल्या मुलांसाठी शाळाप्रवेश, मतदार यादी, आधार, विवाहनोंदणी, सरकारी नोकरी, या सगळ्याला जन्माचा दाखला हाच जन्मतारखेचा आणि जन्मस्थळाचा पुरावा झाला. त्याआधी जन्मलेल्यांना हा नियम लागू नाही, पण हे अर्धं वाक्य कुणी सांगत नाही. पुढं २०२५मध्ये आपल्या राज्यात उशिराच्या नोंदींवरून वाद पेटला, दाखले थांबले आणि मार्चमध्ये कडक कार्यपद्धती आली. नायब तहसीलदारांनी दिलेले अनेक दाखले अधिकाराच्या मुद्द्यावर रद्द झाले. अधिकार कुणाला हे सरकारनं ठरवायचं, सही सरकारी माणसानं करायची आणि दाखला रद्द झाल्यावर संशय अर्जदारावर! त्याच वर्षी बिहारात मतदार यादीची विशेष सखोल फेरतपासणी झाली. मग तर विचारूच नका.

या भीतीपोटी आपण काय करतो? कुणी म्हणतो, ‘चाचा, दोन हजार द्या, कागद काढून देतो.’ आपण त्याला आधार, रेशनकार्ड, बँक पासबुक, सगळ्याचे फोटो व्हॉट्सअॅपवर पाठवतो. ओटीपी विचारला तर तोही सांगतो. झेरॉक्सच्या दुकानातल्या संगणकावर आपलं आधार ‘डाउनलोड’ फोल्डरमध्ये पडून राहतं, पुढच्या गिऱ्हाइकाला दिसतं. म्हणजे कागद नसल्याच्या भीतीनं आपण असलेले कागद वाटत सुटलो आहोत. शेंदुरसनीचा आयडी परक्या हातात गेल्यावर काय झालं ते पाहिलं ना? तुमचं आधार परक्या हातात गेलं, तर तुमच्या नावावर सिम निघेल, खातं उघडेल, आणि पोलीस आधी तुमचं दार ठोठावतील. आपल्या नावाकडे आधीच संशयानं पाहिलं जात असेल, तर ही चोरी आपल्याला इतरांपेक्षा महाग पडते. म्हणून खासगीपणा ही शहरातल्या सुशिक्षितांची चैन आहे, असं मला कुणी सांगू नये.

कायदा काय म्हणतो? २४ ऑगस्ट २०१७ रोजी पुट्टस्वामी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायाधीशांनी एकमतानं सांगितलं, की खासगीपणा हा मूलभूत अधिकार आहे. पुढच्या वर्षी सप्टेंबरमध्ये आधारच्या निकालात न्यायालयानं सरकारी लाभांसाठी आधार कायम ठेवलं, पण मोबाइल सिम आणि बँक खात्याला ते सक्तीनं जोडण्याला नकार दिला. नंतर कायदा बदलून तिथं आधार ऐच्छिक केलं गेलं. ऐच्छिक म्हणजे दुसरं ओळखपत्र चालतं. काउंटरवरचा पोरगा ‘आधारच लागतं’ म्हणाला, तर त्याला हे शांतपणे सांगा. भांडू नका, त्या बिचाऱ्यालाही कुणी सांगितलेलं नसतं.

मग २०२३चा डिजिटल व्यक्तिगत माहिती संरक्षण कायदा आला. त्याचे नियम यायला नोव्हेंबर २०२५ उजाडलं, आणि अधिसूचनेनुसार त्यातला मुख्य भाग त्यानंतर १८ महिन्यांनी लागू होतो. माझी कोणती माहिती तुमच्याकडे आहे हे विचारण्याचा, चुकीची असेल तर दुरुस्त करून घेण्याचा, गरज संपल्यावर पुसून टाकायला सांगण्याचा हक्क यात आहे. माहिती सांभाळण्यात हयगय झाली तर २५० कोटी रुपयांपर्यंत दंड आहे. आकडा ऐकून खूश होऊ नका. तो दंड सरकारी तिजोरीत जातो, तुमच्या हातात एक रुपया येत नाही. उलट माहिती तंत्रज्ञान कायद्यातलं भरपाईचं कलम ४३-अ या कायद्यानं वगळायचं ठरवलं आहे. शिवाय केंद्र सरकार सुरक्षेच्या, सार्वजनिक सुव्यवस्थेच्या कारणावरून आपल्या कोणत्याही यंत्रणेला या कायद्यातून पूर्ण सूट देऊ शकतं. म्हणजे ज्या दाराची आपल्याला जास्त धास्ती, त्याच दाराला कुलूप नाही. माझ्या मते हा कायद्याचा सर्वांत कच्चा भाग आहे आणि त्यावर आपल्यातल्या शिकलेल्या पोरांनी लिहिलं पाहिजे.

दुरुस्तीचा हक्क मात्र आपल्या फार कामाचा आहे. विदर्भातल्या शाळेच्या दाखल-खारीज रजिस्टरमध्ये ‘शे. सलीम शे. करीम’ असं लिहिलेलं असतं. आधारवर तोच माणूस ‘शेख’, पासबुकावर इंग्रजी स्पेलिंग तिसरंच. दादीच्या नावापुढचं ‘बी’ कुठं आहे, कुठं नाही. संगणकाला ही चार माणसं दिसतात. पण नावदुरुस्तीसाठी नव्या कायद्याची वाट पाहायची गरज नाही. जन्मनोंदीतली चूक निबंधकाकडे पुराव्यासह अर्ज करून सुधारता येते, जन्म-मृत्यू नोंदणी कायद्याच्या कलम १५मध्ये तशी तरतूद आहे. जुन्यांसाठी तहसीलमधल्या कोतवाल बुकाची नक्कल मागा. आपल्या वऱ्हाडात कोतवालानं लिहून ठेवलेल्या त्या नोंदींनी कितीतरी घरं तारली आहेत.

आता थोडं कडू बोलतो. इथं बसलेल्यांपैकी बरेच जण कोणत्या ना कोणत्या संस्थेचं काम करता. शिष्यवृत्तीचे गूगल फॉर्म तुम्हीच बनवता. विधवांच्या, जकातीच्या हकदारांच्या याद्या तुमच्याच मोबाइलमध्ये आहेत. नाव, नंबर, आधार, आजार, घरात कमावतं कोण, सगळं त्या एका एक्सेल शीटमध्ये असतं, आणि ती शीट चाळीस जणांच्या ग्रुपवर. रमजानमध्ये किट देताना बाईचा फोटो काढून स्टेटसला ठेवला जातो. तिची परवानगी घेतली का? हातात पिशवी असताना ती नाही म्हणू शकली असती का? २०२१ आणि २०२२मध्ये मुस्लीम मुलींचे फोटो इंटरनेटवरून उचलून त्यांचा ‘लिलाव’ मांडणारी अॅप निघाली, तेव्हा आपण सगळे चिडलो होतो, ते बरोबरच होतं. मग बायकांचे फोटो आणि नंबर सांभाळण्यात आपण तरी एवढे सैल का?

नवा कायदा फक्त कंपन्यांसाठी नाही. घरगुती वापर सोडला तर माहिती कशासाठी गोळा करायची हे ठरवणारी तुमची ट्रस्टही त्यात येते. अठरा वर्षांखालच्या मुलाची माहिती घ्यायची तर पालकांची खात्रीशीर संमती लागेल. दहावीच्या पोरांचे फॉर्म भरून घेणाऱ्यांनी आत्तापासून फॉर्मची भाषा बदलावी. आधार क्रमांकाचा रकाना तर आजच काढून टाका. शिष्यवृत्ती द्यायला तुम्हाला तो कशाला हवा?

घरी गेल्यावर आईवडिलांच्या मोबाइलवर दोन कामं करा. आधारच्या संकेतस्थळावरून ‘मास्क्ड आधार’ काढून ठेवा, त्यात शेवटचे चारच आकडे दिसतात. आणि बायोमेट्रिक लॉक लावा, म्हणजे अंगठ्याचा ठसा चोरून खात्यातले पैसे कुणी काढू शकणार नाही. रेशन दुकानात अंगठा द्यायच्या वेळी तेवढ्यापुरतं उघडायचं. पैसे गेलेच तर लाजत बसू नका, लगेच १९३०ला फोन करा. जेवढा लवकर कराल, तेवढी रक्कम थांबण्याची शक्यता जास्त.

कोतवाल बुकाच्या नकलेसाठीचा अर्जाचा नमुना बाहेर टेबलावर ठेवला आहे. त्यावर नाव-गाव तुमच्याच हातानं लिहा आणि तहसीलमध्ये स्वतः जाऊन द्या, पोच घ्या. इथल्या कार्यकर्त्यांकडे कुणीही आधारची झेरॉक्स देऊ नये, त्यांनीही मागू नये. आता प्रश्न विचारा. मुलींच्या बाजूनं सुरुवात करू, मघापासून तिकडे दोन हात वर आहेत.