उधाणाच्या मुदतीतले आयुष्य



कामगार चळवळीतल्या माणसाने माशीवर बोलावे, याचे कित्येकांना नवल वाटेल. परंतु जिला आपली सारी हयात दुसऱ्याने ठरवलेल्या मुदतीत बसवावी लागते, तिच्याविषयी आम्हांला आपुलकी वाटल्यावाचून कशी राहील?

ही आपल्या घरातली माशी नव्हे. ब्रिटन, डेन्मार्क, स्वीडन अशा थंड किनाऱ्यांवर ती राहते. फाब्रिसियस या डॅनिश शास्त्रज्ञाने १८०५ साली तिचे वर्णन केले. शास्त्रात तिला ‘सीलोपा फ्रिजिडा’ म्हणतात.

वादळाने उपटलेले समुद्रशेवाळ लाटा किनाऱ्यावर आणून टाकतात. त्याचे ढीग कुजू लागले की आत ऊब तयार होते; बाहेर बर्फ असले तरी ढिगाचे पोट उबदार राहते. तेथेच माशी अंडी घालते. अळ्या कुजके शेवाळ आणि त्यावरचे जंतू खाऊन वाढतात व कोशात जातात. पण हे घर भाड्याचे, आणि घरमालक समुद्र! अमावास्या-पौर्णिमेचे उधाण मोठे आले, तर तो सारा ढीग उचलून नेतो.

या माशीच्या एका गुणसूत्राच्या मोठ्या तुकड्याची मांडणी दोन प्रकारची असते. आई-बाप दोघांकडूनही एक प्रकार मिळालेला नर आकाराने लहान, पण लवकर तयार होतो. दुसऱ्या प्रकारचा नर मोठा होतो, पण त्याला वेळ अधिक लागतो. मोठ्याचा माद्या मिळवण्यात वरचष्मा असतो. लहानाला उधाणापूर्वी सुटण्याची आशा अधिक. आणि ज्या अळीला दोन्ही प्रकार एकेक मिळाले, ती तग धरण्यात सरस ठरते. म्हणून दोन्ही मांडण्या टिकून आहेत. घाई करणारा आणि दमाने वाढणारा, दोघांनाही निसर्गाने कामावरून काढलेले नाही.

माणसाची गोष्ट निराळी. हवा खायला आलेल्या पाहुण्यांना कुजक्या शेवाळाचा वास सोसत नाही, माशांचे थवे नकोसे होतात. त्यांची तक्रार खोटी नाही. म्हणून कित्येक ठिकाणी यंत्रे लावून किनारा साफ करतात. पण याच अळ्यांवर किनाऱ्यावरचे पक्षी हिवाळा काढतात, आणि कुजलेल्या शेवाळाचे सत्त्व पुन्हा वाळूला व समुद्राला मिळते.

उधाण ढीग नेते, तसे पुढचे वादळ नवा आणून देते. यंत्र मात्र आलेला ढीग टिकूच देत नाही. सफाई जरूर करावी. पण थोडा किनारा तसाच राखावा. कचरा म्हणून एखादी वस्तू उचलण्यापूर्वी तिच्यात कोण राबते आहे, एवढे तरी वाकून पाहावे.