देवगंधर्व भास्करबुवा बखले : एका गायकनटाचे विद्यार्थीपण



एका शिक्षकाच्या स्मरणार्थ चालणाऱ्या या व्याख्यानमालेत बोलण्याची संधी आपण मला दिलीत, याबद्दल मी आपला ऋणी आहे. संगीत रंगभूमीवरील गायकाच्या कारकीर्दीचा विषय निघाला की बालगंधर्वांची मूर्ती डोळ्यांपुढे उभी राहते. परंतु सुरतेत बोलताना त्यांच्या गुरूचे स्मरण करणे मला अधिक उचित वाटते. देवगंधर्व भास्करबुवा बखले यांचा जन्म १७ ऑक्टोबर १८६९ रोजी येथून जवळच, कठोर या गावी झाला. आज सुरत जिल्ह्यात असलेले हे गाव तेव्हा बडोदे संस्थानात होते.

युरोपातील ऑपेरात बहुतेक सारे नाटक गायिले जाते आणि रचनाकाराने लिहून ठेवलेल्या स्वरांशी गायक बांधलेला असतो. आपल्या संगीत नाटकाची घडण निराळी आहे. १८८० साली अण्णासाहेब किर्लोस्करांनी ‘शाकुंतल’ रंगभूमीवर आणले, तेव्हापासून गद्य संवाद आणि पदे यांची सांगड पडली. पदाची चाल ठरलेली असली, तरी ते फुलवायचे कसे, हे गायकनटाच्या तालमीवर सोपविलेले असे. म्हणून येथे गोड गळा पुरत नाही. त्यामागे विद्या लागते. ही गोष्ट भास्करबुवांना फार लवकर आणि फार कठोरपणे कळली.

बडोद्यास विष्णुबुवा पिंगळे यांच्याकडे गाण्याचे प्राथमिक शिक्षण झाल्यावर हा मुलगा किर्लोस्कर नाटक मंडळीत दाखल झाला. आवाज गोड होता, कौतुक झाले. पण वय वाढले आणि आवाज फुटला. ज्या गळ्यामुळे मंडळीत मान होता, तो गळाच परका झाला. बालनटांच्या बाबतीत असे नेहमीच घडत असे. कित्येकांची कारकीर्द तेथेच संपे आणि त्यांची नावेही मागे राहत नसत.

भास्करबुवांची खरी कारकीर्द मात्र येथून सुरू झाली. बडोद्यास फैज महंमदखाँ यांच्याकडे त्यांनी ग्वाल्हेर पद्धतीची गायकी घेतली. पुढे आग्रा घराण्याचे नथ्थनखाँ यांच्याकडे लय आणि बोल यांचे अवघड काम आत्मसात केले. त्यानंतर, स्वतःचे नाव झालेले असताना, त्यांनी जयपूर परंपरेतील अल्लादियाखाँसाहेबांचे शिष्यत्व पत्करले. श्रोतेहो, नावलौकिक मिळाल्यावर पुन्हा विद्यार्थी होऊन बसणे किती कठीण असते, हे आपणा सर्वांना ठाऊक आहे. तीन घराण्यांची विद्या एका गळ्यात नांदली, ती बुद्धीइतकीच या नम्रतेच्या बळावर.

जे मिळविले ते त्यांनी स्वतःजवळ ठेवले नाही. १९११ साली पुण्यात त्यांनी भारत गायन समाजाची स्थापना केली. ज्या रंगभूमीवरून त्यांना उतरावे लागले होते, तिच्याकडे ते गुरू आणि संगीतकार म्हणून परतले. खाडिलकरांच्या ‘स्वयंवर’ नाटकाला १९१६ साली त्यांनी चाली दिल्या. यमन, बिहाग, भूप, भीमपलास असे राग त्यांनी पदांत असे उतरविले की, ज्या श्रोत्याने बैठकीची पायरी कधी चढली नव्हती, त्याच्या ओठीही रागदारी आली. रुक्मिणीच्या भूमिकेत बालगंधर्वांनी ही पदे अजरामर केली. १९२० साली ‘द्रौपदी’ आले. मास्तर कृष्णरावांसारखा शिष्य त्यांच्याच हाताखाली घडला. ८ एप्रिल १९२२ रोजी, वयाच्या अवघ्या बावन्नाव्या वर्षी, बुवांनी जगाचा निरोप घेतला.

त्यांचे स्वतःचे गाणे आज आपणांस ध्वनिमुद्रिकेवर ऐकायला मिळत नाही. एवढ्या मोठ्या गवयाचा आवाज हरपावा, ही हळहळ वाटणारी गोष्ट आहे. तरीही बालगंधर्वांची जुनी तबकडी लागते, मास्तर कृष्णरावांची बंदिश कानी पडते, तेव्हा त्यांच्या तालमीचा अंश आपल्यापर्यंत पोहोचतोच. गुरूचा आवाज शिष्यांच्या गळ्यात उरतो, असे मी म्हणतो ते याच अर्थाने.

आवाज फुटण्याचे वय हे शाळेचेच वय आहे. परवापर्यंत पुढे असलेला मुलगा अकस्मात मागे पडतो, गप्प होतो. घरच्यांनाही तो उमगेनासा होतो. अशा वेळी त्याला ‘तुझे संपले’ असे म्हणणारे पुष्कळ भेटतात. ‘आता शिकायला बैस’ असे सांगणारा एखादाच. ज्यांच्या स्मरणार्थ आपण जमलो आहोत, ते गुरुजी त्या एखाद्यांपैकी होते, हे येथे बसलेले माजी विद्यार्थी माझ्याहून अधिक जाणतात. आज ना उद्या यांपैकी प्रत्येकाच्या घरी किंवा वर्गात असा एक मुलगा येईल. त्याच्याशी आपण काय बोलतो, यावरच या स्मरणाचे मोल ठरेल.