जनरल थोरातांचा कागद



लेफ्टनंट जनरल शंकरराव पांडुरंग पाटील थोरात (१९०६-१९९२) यांचा जन्म कोल्हापूर जिल्ह्यातील वडगावचा. सँडहर्स्टहून ते गोऱ्यांच्या फौजेत अधिकारी झाले. १९४५ च्या जानेवारीत ब्रह्मदेशातील कांगावच्या लढाईत एकाच ब्रिगेडच्या तीन पलटणी थिमय्या, थोरात आणि सेन या तीन हिंदी अधिकाऱ्यांच्या हाताखाली लढल्या आणि तिघांनाही डी.एस.ओ. मिळाले. हिंदी माणूस पलटण चालवू शकत नाही, या साम्राज्यशाही समजुतीला ते रोखठोक उत्तर होते. पुढे १९५३ मध्ये कोरियात युद्धकैद्यांच्या छावणीत खवळलेल्या चिनी कैद्यांनी एका भारतीय मेजरला पकडून ठेवले, तेव्हा थोरात मोजके सहकारी घेऊन तारेच्या आत गेले आणि गोळी न झाडता त्याला सोडवून आणले.

या शौर्यकथा सर्वश्रुत आहेत. विचार करावयाचा आहे तो त्यांनी लिहिलेल्या एका कागदाचा.

१९५७ पासून थोरात लखनौस पूर्व विभागाचे प्रमुख होते. (याच काळात, १९५८ मध्ये, सैन्याला विशेषाधिकार देणारा कायदा झाला आणि नागा प्रदेशातील नागरिकांवर त्याचा अंमल सुरू झाला. ती बाजूही त्या कारकिर्दीच्या खात्यावर मांडलीच पाहिजे.) तिबेटमधील १९५९ च्या उठावानंतर ईशान्य सीमेवरचे चित्र पालटले. त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात थोरातांनी एक टिपण सेनाप्रमुख थिमय्या यांच्याकडे पाठविले. त्याचा आशय साधा होता. चीनकडून धोका खरा आहे. हाताशी असलेले सैन्य अपुरे आहे. सीमेवरची ठाणी केवळ इशारा देण्यापुरती ठेवावीत, आणि खरी लढाई मागे, जिथे आपले रस्ते पोहोचतात व शत्रूची रसद ताणली जाते, तिथे द्यावी. मार्च १९६० मध्ये 'लाल किल्ला' या नावाने त्यांनी याच प्रश्नाचा युद्धाभ्यासही करून दाखविला. संरक्षणमंत्री कृष्ण मेनन यांनी मात्र हे सारे अकारण भय ठरविले.

थिमय्यांनी आपल्यामागे थोरातांची शिफारस केली होती. नेमणूक झाली थापर यांची. थापर सेवाज्येष्ठ होते, तेव्हा केवळ या निवडीवरून कोणाला दोष देणे न्यायाचे नाही. १९६१ मध्ये थोरात निवृत्त झाले. न बंड, न पत्रकबाजी. मुलकी सत्तेने निर्णय घ्यावा आणि सैनिकाने तो मानावा, हे लोकशाहीचे पथ्य त्यांनी पाळले. पण हे पथ्य दोन्ही बाजूंचे असते. सैनिकाने आज्ञा पाळावयाची, तर मंत्र्याने त्याचे म्हणणे निदान गांभीर्याने तपासावयास हवे. सल्ला न पटला तर कारणे देऊन फेटाळावा. भित्रेपणाचा शिक्का मारून बासनात बांधणे म्हणजे मुलकी श्रेष्ठता नव्हे, तो मंत्र्याचा अहंकार.

त्याचे मोल कोणी दिले? मंत्रालयातल्या कोणी नाही. पुढे सरकण्याच्या धोरणापायी नामका चू नदीच्या काठी, उंचावरील चिनी मोर्चांच्या खाली, सुती गणवेशात आणि मोजक्या काडतुसांनिशी उभ्या केलेल्या जवानांनी दिले. २० ऑक्टोबर १९६२ च्या पहाटे हल्ला झाला. महिन्याभरात सेला आणि बोमदिला पडले. मेनन गेले आणि यशवंतराव चव्हाण दिल्लीस आले.

थोरातांनी आत्मचरित्रात लिहून ठेवले आहे की, पराभवाच्या त्या दिवसांत पंतप्रधान नेहरूंनी त्यांना बोलावून घेतले, ते टिपण पाहिले आणि ते आपल्याला आधी का दाखविले नाही, असे विचारले. तीन वर्षे कागद सरकारातच होता.

पराभवाच्या चौकशीसाठी नेमलेल्या हेंडरसन ब्रुक्स आणि भगत यांनी १९६३ मध्ये अहवाल दिला. त्याचा काही भाग २०१४ मध्ये एका परदेशी पत्रकाराने उघड केला. ज्या नागरिकांच्या मुलांनी त्या डोंगरात प्राण सोडले, त्यांच्यापुढे सरकारने तो अहवाल अजूनही अधिकृतपणे ठेवलेला नाही.