पेठेचा फुटबॉल

मागील वर्षी सरकारी कामाच्या निमित्ताने भिलाईला जाण्याचा योग आला. तेथील पोलाद कारखान्याला चुनखडी पुरविणाऱ्या खाणींची वसाहत म्हणजे नंदिनीनगर. तेथे एका संध्याकाळी मुलांचा फुटबॉल रंगला होता. शेजारी उभ्या असलेल्या एका मराठी गृहस्थांनी सहज विचारले, "आपल्याकडे असा गावाचा म्हणून फुटबॉल कोठे आहे हो?" मी कोल्हापूरचा. मला उत्तर शोधावे लागले नाही. परंतु ते उभ्याउभ्या देण्याजोगे नव्हते. आज ते जरा निवांतपणे देतो.

कोल्हापूर हे शहर खरे. पण शिवाजी पेठ, मंगळवार पेठ, रविवार पेठ ही त्याच्या पोटातील खेडीच होत. प्रत्येक पेठेचा अभिमान वेगळा, आणि प्रत्येकीत चार-दोन तालमी. तालीम म्हणजे मुळात कुस्तीचा आखाडा. शाहू महाराजांनी मल्लविद्येला उदार आश्रय दिला. खासबागेचे कुस्त्यांचे मैदान १९१२ साली उभे राहिले ते त्यांच्याच प्रेरणेने. पण तालीम केवळ अंगमेहनतीची जागा कधीच नव्हती. कित्येक तालमींत गणपती बसतो आणि मोहरमचे पंजेही बसतात. भांडणे तेथे मिटतात. कधी कधी तेथेच सुरू होतात!

या तालमींनी फुटबॉल आपलासा केला. पाटाकडील तालीम, खंडोबा तालीम, बालगोपाल तालीम, दिलबहार तालीम ही नावे ऐकून परक्याला वाटावे की, आता लंगोट कसून जोड्या सुटणार. आणि मैदानात उतरतात ते अकरा फुटबॉलपटू. कोल्हापूर स्पोर्ट्‌स असोसिएशन १९४० साली स्थापन झाली आणि या खेळाला शिस्तीची चौकट मिळाली.

कुस्तीच्या या माहेरघरात फुटबॉल इतका का रुजला? मला वाटते, कुस्तीत पेठेचा एकच गडी लढतो आणि बाकीची पेठ कडेला बसून पाहते. शिवाय पैलवान पोसायचा म्हणजे दूध, तूप, बदाम यांचा खुराक आला. १ मार्च १९४९ रोजी कोल्हापूर संस्थान मुंबई राज्यात विलीन झाले आणि राजाश्रयाचा तो काळ सरला. फुटबॉलला एक चेंडू पुरतो, आणि गल्लीतली अकरा पोरे एकाच वेळी पेठेची अब्रू वाहू शकतात. कलकत्त्याच्या मोहन बागानने १९११ साली ईस्ट यॉर्कशायर रेजिमेंटच्या गोऱ्या सोल्जरांना हरविले, तेव्हा सारा देश हर्षभरित झाला. कोल्हापूरकराला प्रतिस्पर्धी इतका दूरचा कधी लागला नाही. पलीकडच्या पेठेला हरविले की त्याला जग जिंकल्याचे समाधान!

माझे मामा या फुटबॉलचे जुने खेळाडू. दिवसा एका वर्कशॉपमध्ये लेथवर उभे राहावयाचे आणि संध्याकाळी गांधी मैदान गाठावयाचे. त्यांच्या उमेदीत संघातील निम्म्या गड्यांपाशी बूट नसत. एका सामन्यात जो बाहेर निघे त्याचे बूट आत येणाऱ्याच्या पायात जात, माप जुळो वा न जुळो. त्यांचा उजवा गुडघा खेळातच कायमचा दुखावला. त्याबद्दल त्यांना कोणी छदाम दिला नाही आणि तो मागावा असे त्यांच्या मनातही आले नाही. तालमीच्या भिंतीवर एका फोटोत ते मागच्या रांगेत उभे आहेत. फोटोखाली साल नाही, नावे नाहीत. कागदपत्रांत जन्म गेलेल्या मला ही गोष्ट फार खटकते. मी एकदा तसे बोललो, तेव्हा मामा म्हणाले, "लिहून कशाला ठेवायचं? पेठेला म्हाईत हाय की!"

पेठेला माहीत असलेली ती माणसे आता कमी होत चालली आहेत.

अलीकडे या खेळात पैसा आला. बक्षिसांच्या रकमा वाढल्या आणि बाहेरगावचे, इतकेच नव्हे तर आफ्रिकेतील देशांचे खेळाडूही मानधनावर तालमींच्या संघांत दिसू लागले. काही वर्षांपूर्वी रजेवर घरी असताना मी मामांबरोबर एका तालमीच्या बैठकीला गेलो होतो. प्रश्न हाच होता. तरुण मंडळींचे म्हणणे, समोरच्या पेठेने दोन आणले, आपण न आणले तर पहिल्याच फेरीत घरी. मामांनी एवढेच विचारले, "मग कप कुणाचा म्हणायचा?" बैठक क्षणभर गप्प झाली आणि मग बहुमताने ठराव संमत झाला.

त्या तरुणांना मी सर्वस्वी दोष देत नाही. तो परदेशी खेळाडू आला, पेठेतच राहिला, तांबड्या-पांढऱ्या रश्शाला सरावला, आणि त्याच्याकडून आमच्या पोरांनी छातीवर चेंडू घेण्याची नवी रीत उचलली. ईर्ष्या वाढून सामन्यानंतर दगड उडतात, पोलीस बंदोबस्त लागतो, हा दोष तर पाहुण्यांचा नव्हेच. तो आमच्या घरचा, आणि जुना. परंतु दोन पाहुणे आत आले की पेठेची दोन पोरे बाहेर बसतात, हा हिशेबही खरा आहे. २०१७ साली सतरा वर्षांखालील विश्वचषक स्पर्धा भारतात झाली, तेव्हा भारताच्या संघात कोल्हापूरचा अनिकेत जाधव खेळला. असा मुलगा प्रथम कोठेतरी, कोणाच्या तरी संघात, चुकत-माकत खेळलेला असावा लागतो.

त्या हंगामात आमच्या तालमीने कप आणला. मिरवणूक निघाली, गुलाल उधळला. मामा दारात उभे राहून पाहत होते. मिरवणुकीच्या शेवटी राखीव खेळाडूंतला एक पोरगा चालला होता; सबंध हंगाम तो बाकावर बसून होता. मामांनी त्याला हाक मारली, आत बोलावून चहा पाजला आणि विचारले, "उद्या सकाळी सहाला मैदानावर येतोस काय?"

तो आला. मामा गुडघ्याला पट्टा बांधून गोलखांबापाशी उभे राहिले आणि त्याला डाव्या पायाने चेंडू मारावयास लावू लागले.