वाइनचे वार्षिक पंचांग

गुढीपाडवा जवळ आला की मराठी घरात नवे पंचांग येते आणि जुने खुंटीवरून उतरते. तिथी सरल्या, मुहूर्त उलटून गेले, म्हणजे गतवर्षीच्या पंचांगाला रद्दीहून अधिक मोल राहत नाही. वाइनची आवड असलेल्या युरोपियन गृहस्थाच्या घरीही दर वर्षी शरदाच्या सुमारास असेच एक पुस्तक येते. त्यात प्रांत, गावे, बागायतदार आणि हंगामाची वर्षे यांची दाटीने नोंद असते, आणि नोंदींपुढे तारका, पेले किंवा गुण छापलेले असतात. पुस्तक उघडावे, अधिकांत अधिक तारका शोधाव्यात आणि ते नाव दुकानदाराला सांगावे, इतकाच त्याचा उपयोग, अशी पुष्कळांची समजूत असते. वास्तविक त्या पुस्तकाचा तो सर्वांत दुबळा उपयोग होय.

अशा पुस्तकाची गरज मुळात का पडावी? आंब्याच्या पेटीमागे बसलेला बागवान गिऱ्हाइकाच्या हातावर एक फोड ठेवतो. कापड बोटांत धरून पारखता येते. वाइनच्या बाटलीचे बूच मात्र पैसे चुकते केल्यावरच निघते. त्यात पुन्हा एकाच बागेची, एकाच नावाची वाइन सलग दोन वर्षे सारखी उतरत नाही. वेली फुलोऱ्यावर असताना थंडी पडली, किंवा घड खुडण्याच्या तोंडावर पाऊस कोसळला, तर त्याची खूण बाटलीत राहते. म्हणून खरेदीदाराला कोणी तरी मध्यस्थ लागतो.

पूर्वी हे काम दलाल करीत. १८५५ साली, तिसऱ्या नेपोलियनच्या कारकिर्दीत, पॅरिसच्या जागतिक प्रदर्शनासाठी बोर्दो शहराच्या दलालांनी त्या प्रांतातील नामांकित तांबड्या वाइनची पाच वर्गांत प्रतवारी लावली. त्यासाठी त्यांनी नव्याने पेले भरले नाहीत. कोणत्या बागेच्या मालाला वर्षानुवर्षे काय भाव मिळत आला आहे, एवढेच पाहिले. ती प्रतवारी आजही बाटल्यांवर मिरवते. दुसऱ्या वर्गातून पहिल्यात चढण्याचे भाग्य मूतों-रोत्शील्ड या एकाच बागेला लाभले, तेही १९७३ साली. कुळाची प्रतिष्ठा कळायला ही यादी उत्तम. पण यंदाची बाटली घ्यावी की गेल्या सालची, हे ती सांगू शकत नाही.

ही उणीव वार्षिक मार्गदर्शिकांनी भरून काढली. ह्यू जॉन्सन या इंग्रज लेखकाने १९७७ साली खिशात मावेल एवढे पुस्तक काढले आणि पुढे ते दर वर्षी निघत राहिले. त्यात एक ते चार तारका आहेत. पण त्याची खरी खुबी हंगामाच्या आकड्यांत आहे. जी वर्षे ठळक टंकात छापलेली, ती वाइन पिण्यास तयार झाली. जी साध्या टंकात, ती अजून ठेवून द्यावी. पंचांगातील मुहूर्तासारखीच ही गोष्ट. उत्तम बोर्दो फार लवकर उघडली तर तुरट आणि घुमी लागते. साधी, हलकी पांढरी वाइन फार दिवस ठेवली तर तिचे पाणी होते. चार तारकांची कच्ची बाटली घेणाऱ्यापेक्षा दोन तारकांची तयार बाटली घेणारा त्या संध्याकाळी अधिक सुखी असतो.

तारका कोणी व कशा दिल्या, हे प्रस्तावनेत लिहिलेले असते आणि प्रस्तावना सहसा कोणी वाचत नाही. फ्रान्समधील आशेत मार्गदर्शिका १९८५ च्या सुमारास सुरू झाली. तिचे परीक्षक बाटलीवरील नाव झाकून चाखतात, आणि प्रत्येक वाइनची तुलना तिच्याच क्षेत्रातील भावंडांशी करतात. त्यामुळे एखाद्या साध्या खेड्यातील दोन तारका आणि बर्गंडीच्या प्रख्यात उतारावरील दोन तारका यांचे वजन एक नाही. तारका सारख्या दिसतात एवढेच. दक्षिण आफ्रिकेत जॉन प्लॅटर यांनी १९८० मध्ये सुरू केलेल्या पुस्तकाची परंपरा उलट आहे. तेथे परीक्षकाला बाटली कोणाची हे ठाऊक असते, आणि सर्वोच्च पाच तारकांच्या उमेदवारांची तेवढी नाव झाकून फेरतपासणी होते. पहिल्या पद्धतीत पक्षपाताला वाव कमी. दुसरीत त्या घराण्याचा इतिहास ध्यानी घेता येतो. दोन्ही पुस्तके प्रामाणिक असूनही एकाच बाटलीविषयी निराळे बोलू शकतात.

परीक्षकाची जीभ तरी किती स्थिर असते? कॅलिफोर्नियातील रॉबर्ट हॉजसन हे निवृत्त प्राध्यापक आणि स्वतः वाइन करणारे. त्यांनी त्या राज्याच्या जत्रेतील स्पर्धेत परीक्षकांपुढे एकाच बाटलीतील वाइन, न सांगता, तीन वेळा ठेवण्याची व्यवस्था केली. २००८ साली प्रसिद्ध झालेला निष्कर्ष असा, की सुमारे दहा टक्के परीक्षकांनाच तिन्ही वेळा तिला एकाच पदकाच्या टप्प्यात बसवता आले. हे परीक्षक नवशिके नव्हते. म्हणून ८९ आणि ९१ गुणांमधील अंतरासाठी दुप्पट पैसे मोजणे, हा शहाणपणा म्हणता येत नाही.

येथे एक गंमत घडते. मार्गदर्शिका बाहेर पडताच तीन तारकांची वाइन आठवडाभरात दिसेनाशी होते, आणि उरली तर तिची किंमत चढलेली असते. अनुभवी खरेदीदार त्या नोंदीपाशी थांबतो खरा, पण तारकांकडे पाहत नाही; बागायतदाराचे नाव पाहतो. ज्याची उंची वाइन नामांकित, त्याची साधी वाइनही बहुधा काळजीने केलेली असते, आणि ती फळीवर शिल्लक असते. आणि अशा माणसाच्या घरी जुन्या मार्गदर्शिका रद्दीत जात नाहीत. सहा-सात वर्षांची पुस्तके शेजारी ठेवली की एखाद्या वर्षी चमकून गेलेला कोण आणि वाईट हंगामातही हात न सोडणारा कोण, हे आपोआप उघड होते. त्यातच समासात स्वतःची नोंद करण्याची सवय असेल, तर तिसऱ्या वर्षापर्यंत आपली रुची कोणत्या परीक्षकाशी जुळते आणि कोणाशी मुळीच जुळत नाही, हे कळते. सदैव चुकणारा परीक्षकदेखील अशा वेळी उपयोगी पडतो.

जेवणाचा प्रश्न मात्र पुस्तके अर्ध्यावर सोडतात. परीक्षक एका बैठकीत डझनावारी पेले चाखतो, घोट थुंकून टाकतो आणि सोबत फार तर पावाचा तुकडा घेतो. अशा गर्दीत दणकट, गडद वाइन उठून दिसते. तीच कोळंबीच्या हुमणाबरोबर किंवा सावजी मसाल्याबरोबर घेतली तर तिखट अधिक झोंबते आणि तुरटपणा कडवट होतो. तेथे थंड, किंचित गोडसर, एका तारकेची पांढरी वाइन बाजी मारून जाते.

बडोद्याच्या रहिवाशाला परवान्यावाचून हा विषय वाचण्यापुरताच आहे. पण गोव्यात किंवा बेळगावात बाटली विकत घेणाऱ्याला आणखी एक गोष्ट पाहावी लागते. परीक्षकाने चाखलेली बाटली बागायतदाराच्या थंड तळघरातून आलेली असते. दुकानातली बाटली बोटीतून, गोदामातून, मालमोटारीतून येऊन मे महिन्यात काचेच्या कपाटात उभी असते. उन्हाने वाइन शिजते आणि उभ्या बाटलीचे बूच सुकून हवा आत शिरते. कोणत्याही मार्गदर्शिकेत या प्रवासाचे गुण नसतात. बूच वर सरकलेले किंवा चिकट दिसले तर ती बाटली परत ठेवावी, आणि आतल्या खोलीतील खोक्यातून दुसरी मागावी.

चिठ्ठीवरील सालही नीट वाचावे लागते. युरोपात द्राक्षे सप्टेंबर-ऑक्टोबरात खुडतात. नाशिककडे एप्रिलची खरड छाटणी आणि पावसाळा सरताना गोडी छाटणी होऊन घड जानेवारी ते मार्चमध्ये उतरतात. म्हणजे २०२४ चा आकडा असलेली नाशिकची बाटली त्याच आकड्याच्या फ्रेंच बाटलीहून सात-आठ महिन्यांनी वडील असते. युरोपीय पुस्तकातील मुहूर्त तिला जसाच्या तसा लावला तर ती, विशेषतः पांढरी असेल तर, उतरणीला लागल्यावर उघडली जाते.