आयोना बेटाची शिदोरी

शाळेच्या भिंतीवर जगाचा नकाशा टांगलेला असतो. त्यात स्कॉटलंडचा पश्चिम किनारा शोधून पाहा. समुद्राने तो असा कुरतडला आहे की जमीन कुठे संपते आणि बेटे कुठे सुरू होतात हे लवकर उमगत नाही. त्या बेटांच्या गर्दीत मल नावाचे एक मोठे बेट आहे, आणि त्याच्या नैर्ऋत्य टोकासमोर, सुमारे दीड किलोमीटर पाणी ओलांडले की, आयोना नावाचे चिमुकले बेट लागते. शाळेतल्या नकाशावर ते बहुधा दिसणारच नाही. लांबी पाचेक किलोमीटर, रुंदी दोन-अडीच. मोठी नदी नाही, अरण्य नाही, सोन्याची खाण नाही. सगळ्यांत उंच टेकडी ती शंभर मीटरची. आजही तिथली कायमची वस्ती दोनशेच्या आतच आहे.

मग अशा बेटाचे नाव चौदाशे वर्षे का टिकले? लहान जागा कशाने मोठी होते? आज आपण या प्रश्नाचा थोडा विचार करू.

गोष्ट सुरू होते आयर्लंडमध्ये. रोमन साम्राज्याची सत्ता आयर्लंडवर कधीच नव्हती. पण पाचव्या शतकात ख्रिस्ती धर्म तिथे पोहोचला आणि त्याबरोबर लॅटिन भाषा व लेखनविद्या आली. ठिकठिकाणी मठ उभे राहिले. मठ म्हणजे केवळ प्रार्थनेची जागा नव्हे. शेत, गोठा, शाळा आणि पोथ्या लिहिण्याची खोली हे सगळे एका कुंपणात. अशाच मठांत शिकलेला कोलंबा नावाचा एक राजघराण्यातला माणूस होता. त्याच्या लोकांनी त्याला 'कोलम किल' म्हटले. त्याचा अर्थ, देवळातले कबूतर.

या कबुतराची एक गोष्ट सांगतात. कोलंबाने आपल्या गुरूच्या पोथीची गुपचूप नक्कल केली. गुरू म्हणाला, पोथी माझी, तेव्हा नक्कलही माझी. तंटा राजापुढे गेला. राजाने निवाडा दिला की गाय ज्याची, वासरूही त्याचे. कोलंबा संतापला आणि त्यातून लढाई पेटली. श्रोतेहो, ही कथा पुष्कळ पुढच्या काळात लिहिली गेली आहे, तेव्हा तिचा शब्दन् शब्द खरा मानायचे कारण नाही. मात्र ५६१ साली लढाई झाली हे खरे, आणि दोन वर्षांनी, ५६३ साली, बारा सोबत्यांसह कोलंबाने समुद्र ओलांडला हेही खरे. त्याला आयोना बेट मिळाले आणि तिथे त्याने मठ उभारला.

त्या मठाचे चित्र डोळ्यांपुढे आणताना भव्य शिखरे आणि घुमट आणू नका. मातीचा बांध, त्याच्या आत लाकडाचे प्रार्थनाघर आणि कुडाच्या झोपड्या, एवढेच. मोठे लाकूड बेटावर मिळत नसे. ते होड्यांतून आणावे लागे. बेटाच्या पश्चिमेला शिंपल्यांच्या वाळूची सपाट जमीन आहे, तिथे मठवासी शेती करीत. गाई होत्या, त्यांचे दूध पांढऱ्या घोड्यावरून मठात येई. दिवसातून अनेकदा प्रार्थना, मधल्या वेळात नांगर, आणि त्यानंतर लेखणी.

लेखणी म्हणजे पक्ष्याचे पीस. कागद नव्हता. वासराचे कातडे कमावून, घासून त्याची पाने करीत. एका जाड ग्रंथाला वासरांचा कळपच खर्ची पडे. म्हणून एकेक पान मोलाचे होते, आणि चूक झाली तर ती महागात पडे. कोलंबाचा शिष्य बाइथिन याने स्तोत्रांची पोथी लिहून पुरी केली आणि म्हणाला, कुणीतरी माझ्याबरोबर बसून ही तपासून द्या. कोलंबा म्हणाला, उगाच कशाला कुणाला शीण देतोस? साऱ्या पोथीत एकच स्वर गळाला आहे. आपण शिक्षक मंडळी वह्या तपासतो. एका गळालेल्या स्वराची गोष्ट जपून ठेवणारी ही माणसे आपल्या जातकुळीतली वाटतात, नाही का?

ही गोष्ट आपल्याला कळली कशी? कोलंबानंतर सुमारे शंभर वर्षांनी आदोमनान नावाचा त्याच मठाचा नववा अधिपती होऊन गेला. त्याने कोलंबाचे चरित्र लिहिले. त्यात चमत्कार पुष्कळ आहेत, पण चमत्कारांच्या फटींतून रोजचे जगणे दिसते. कोलंबाचा शेवटचा दिवस त्याने वर्णिला आहे. म्हातारा मठाधिपती धान्याच्या कोठारात गेला. दोन राशी पाहून त्याला समाधान वाटले, की माझ्या माणसांना वर्षाची भाकरी आहे. परतताना वाटेत दमून बसला, तेव्हा तो दूध वाहणारा घोडा येऊन त्याच्या छातीशी डोके टेकवून रडू लागला. मग कोलंबा आपल्या झोपडीत गेला आणि स्तोत्राची नक्कल करू लागला. पान संपले तिथे थांबला आणि म्हणाला, पुढचे बाइथिन लिहील. त्याच रात्री, जून ५९७ मध्ये, त्याने देह ठेवला. पुढचे खरोखरच बाइथिनने लिहिले. तोच मठाचा दुसरा अधिपती झाला.

'पुढचे तो लिहील' हे सांगता येणे म्हणजेच परंपरा. आयोनाने ती नुसती पुढे नेली नाही, बाहेरही पाठवली. नॉर्थंब्रियाचा राजा ऑसवल्ड लहानपणी परागंदा होऊन आयोनाच्या लोकांत राहिला होता. राज्य मिळाल्यावर त्याने तिथून धर्मोपदेशक मागवला. पहिला गेला तो हात हलवीत परत आला. म्हणाला, ती माणसे हट्टी आणि रानटी, त्यांना काही शिकवणे शक्य नाही. सभेत एडन नावाचा एक मठवासी बसला होता. तो म्हणाला, बंधू, तुम्हीच जरा कठोर झालात. अजाण माणसांना आधी दूध द्यायचे असते, जड अन्न मागाहून. सभेने एडनलाच पाठवले. हे साल ६३५. त्याने लिंडिसफार्न बेटावर मठ काढला, पायी हिंडून उपदेश केला. त्याला तिथली इंग्रजी नीट येत नसे, तेव्हा राजा स्वतः दुभाष्याचे काम करी! शिकणाऱ्याला दोष देण्याआधी आपली शिकवण तपासावी, हे एडनचे म्हणणे आजच्या वर्गातही तितकेच लागू आहे.

आदोमनाननेही आणखी एक काम केले. त्या काळी टोळ्यांच्या लढाया नित्याच्या होत्या आणि त्यांत बायका-मुले चिरडली जात. ६९७ साली आयर्लंडमधल्या बर या गावी सभा भरली. तिथे आदोमनानने एक कायदा मान्य करून घेतला : स्त्रिया, मुले आणि धर्मसेवक यांच्यावर शस्त्र चालवू नये, चालवील त्याला दंड. नव्वदावर राजे आणि धर्माधिकारी यांची नावे त्याला जामीन म्हणून जोडलेली आहेत. युद्धात निःशस्त्रांना हात लावू नये, हा विचार जगाला अजून पुरता पचलेला नाही. तेराशे वर्षांपूर्वी एका चिमुकल्या बेटाच्या मठाधिपतीने तो कायद्यात बसवला होता.

पण त्या मठालाच पुढे शस्त्राला तोंड द्यावे लागले. ७९५ साली उत्तरेकडून व्हायकिंग दर्यावर्दी आले. समुद्र हा मठाचा राजमार्ग होता. आता त्याच वाटेने लूट आली. ८०२ साली मठ जळाला. ८०६ साली अडुसष्ट माणसे मारली गेली. आयोनाच्या मठवाशांनी आयर्लंडमध्ये केल्स येथे नवा मठ बांधायला घेतला आणि पुष्कळजण तिकडे गेले. काही मात्र राहिले. ८२५ साली लुटारूंनी ब्लाथमाक नावाच्या मठवाशाला विचारले, कोलंबाच्या अस्थींची मौल्यवान पेटी कुठे आहे? ती जमिनीत पुरून वर गवताची ढेकळे रचली होती. ब्लाथमाकने सांगितले नाही, आणि तो मारला गेला. ८४९ साली त्या अस्थींची वाटणी होऊन काही आयर्लंडला, काही स्कॉटलंडच्या मुख्य भूमीवर गेल्या. इतिहासाचा फेरा पाहा : डब्लिनचा नॉर्स राजा ओलाफ ९८० साली राज्य सोडून यात्रेकरू म्हणून याच आयोनाला आला आणि इथेच वारला.

आता हिशेब मांडू. जे दडवून ठेवले त्याचे काय झाले? ती पेटी आज नाही. जे दुसऱ्याच्या हाती दिले त्याचे काय झाले? 'केल्सचा ग्रंथ' या नावाने जगप्रसिद्ध असलेली शुभवर्तमानांची सचित्र पोथी इसवी सन ८०० च्या सुमारास आयोनातच सुरू झाली असावी, असे पुष्कळ अभ्यासक मानतात. तिची ३४० पाने आज डब्लिनच्या ट्रिनिटी कॉलेजात आहेत. आदोमनानने लिहिलेल्या चरित्राची नक्कल आयोनाच्याच डोरबेन याने केली. हा डोरबेन ७१३ साली वारला. पोथीच्या शेवटी तो वाचणाऱ्याला विनवतो, की माझ्यासाठीही प्रार्थना करा. ती पोथी फिरत फिरत युरोपच्या मध्यावर गेली आणि आज स्वित्झर्लंडमधल्या शाफहाउझेन गावी जपलेली आहे. बेट जळाले, पण बेटाबाहेर गेलेले पान वाचले.

पुढे १२०० च्या सुमारास तिथल्या सरदाराने, रेनाल्डने, दगडी मठ बांधला. त्याची बहीण बेथोक स्त्रियांच्या मठाची पहिली प्रमुख झाली. १५६० मध्ये स्कॉटलंडमध्ये धर्मसुधारणा झाली आणि मठांचे दिवस संपले. छपरे पडली, भिंतींत गवत उगवले. १७७३ साली इंग्रजीचा कोशकार डॉक्टर जॉन्सन तिथे आला. रात्री गवतावर, कोठारात झोपला. त्याने नोंदवून ठेवले, की एके काळी विद्येची राजधानी असलेल्या या बेटावर आता शाळा नाही, प्रार्थनामंदिर नाही, आणि लिहिता-वाचता येणारे एकही माणूस नाही.

श्रोतेहो, हे वाक्य वाचले की मन थबकते. ज्या बेटाने दुसऱ्यांना अक्षर दिले, त्याच्याच लेकरांना ते उरले नाही. विद्या एकदा आली म्हणजे कायमची वस्तीला राहिली, असे नसते. तिला दर पिढीला नव्याने बोलावावे लागते. विहिरीचा गाळ दरवर्षी काढावा लागतो, तसेच आहे हे.

आयोनाचा गाळ पुन्हा काढला गेला. १८९९ साली आर्गाइलच्या ड्यूकने पडका मठ एका विश्वस्त मंडळाकडे सोपवला आणि चर्चची डागडुजी झाली. १९३८ साली ग्लासगोचे धर्मोपदेशक जॉर्ज मॅक्लाउड तिथे आले. ग्लासगोत तेव्हा बेकारीने कहर केला होता. त्यांनी बेकार गवंडी-सुतार आणि शिकाऊ धर्मोपदेशक यांना एकत्र कामाला लावले. शिकलेल्याने दगड वाहावा, कारागिराने सभेत बोलावे, असा तो प्रयोग होता. १९६५ पर्यंत मठाच्या इमारती पुन्हा उभ्या राहिल्या. १९७९ मध्ये बेटाचा बहुतेक भाग स्कॉटलंडच्या राष्ट्रीय न्यासाकडे आला. आणि हो, आज बेटावर छोटीशी प्राथमिक शाळा आहे.

शेवटी एका काड्यापेटीची हकिगत सांगतो. मठासमोर एक खडकाळ उंचवटा आहे. त्याला 'मठाधिपतीचा उंचवटा' म्हणतात. कोलंबाची लिहिण्याची झोपडी उंच जागी होती असे आदोमनान सांगतो. ती इथेच असावी अशी लोकांची समजूत. १९५७ साली चार्ल्स टॉमस या संशोधकाने तिथे खणले आणि जळक्या झोपडीचे कोळसे मिळवले. त्यांचे वय ठरवण्याची कसोटी त्या वेळी पुरेशी नेमकी नव्हती. त्याने ते कोळसे काड्यापेट्यांत घालून घरी जपून ठेवले. एक नाही, दोन नाही, पन्नासावर वर्षे! पुढे ते ग्लासगोच्या अभ्यासकांच्या हाती आले. २०१७ साली निष्कर्ष जाहीर झाला : ते लाकूड इसवी सन ५४० ते ६५० या काळातले. म्हणजे थेट कोलंबाच्याच हयातीचा काळ. ती झोपडी त्याचीच होती असे कोळसा सांगू शकत नाही. पण लोकांची समजूत पोकळ नव्हती, एवढे नक्की ठरले.

आपल्याही गावात कुणाच्या फडताळात जुनी वही असेल, एखाद्या आजीच्या तोंडी ओव्या असतील, शाळेच्या कपाटात पहिल्या पटाचे रजिस्टर असेल. ते उतरून घ्या, त्याची एक प्रत दुसऱ्या गावी द्या, नाव आणि साल घालून ठेवा. त्याची किंमत काय हे आज कदाचित कळणार नाही. टॉमसलाही काड्यापेटी मिटताना ती कळली नव्हती. आपण आपले पान नीट लिहावे. पुढचे लिहिणारा कुणी बाइथिन त्या शाळेच्या पटावर असेलच.