मुलगा की मुलगी? – तारखांचा खोटा हिशेब
(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



वर्धापनदिनाला आपल्यापैकी एकीने चार शब्द बोलायचे, अशी आपल्या मंडळाची रीत आहे. यंदा ते काम माझ्याकडे आले. लोणच्या-पापडांवर बोल म्हटले असते तर मला सोपे गेले असते. पण हा विषय मी स्वतः मागून घेतला आहे, कारण यात माझ्याकडून एक चूक झाली आहे आणि ती ज्यांच्या समोर झाली त्यांच्यासमोरच कबूल करावी असे मला वाटते.

गेल्या महिन्यात आपल्या गल्लीतली एक नवी सून माझ्याकडे आली. पदराखाली कॅलेंडर होते. लाजत लाजत म्हणाली, “काकू, तुम्ही म्हणे मुलाच्या तारखा काढून देता.” मी तिला चहा पाजला आणि परत पाठवले. पण त्या रात्री मला झोप आली नाही. मी तारखा देणे बंद करून कितीतरी वर्षे झाली, तरी माझी ती कीर्ती अजून गल्लीत फिरतेच आहे, हे मला त्या दिवशी कळले.

जुन्या सभासदांना आठवत असेल. माझ्या सासूबाईंना एक मोजणी येत असे. पाळीच्या पहिल्या दिवसापासून रात्री मोजायच्या. पहिल्या चार सोडायच्या. पुढच्यांत सम रात्री मुलाच्या आणि विषम रात्री मुलीच्या. सोळाव्या रात्रीनंतर मोजणी बंद. ही काही सासूबाईंच्या मनची गोष्ट नव्हती. मनुस्मृतीच्या तिसऱ्या अध्यायात सम-विषम रात्रींचा हाच नेम सांगितलेला आहे. सासूबाईंनी पोथी वाचली नव्हती. त्यांना ती त्यांच्या सासूकडून मिळाली होती, आणि त्यांच्याकडून माझ्याकडे आली. भिंतीवरच्या कॅलेंडरवर दुधाचा हिशेब मांडावा तशी मी बायकांच्या तारखांवर पेन्सिलीने गोल करून देत असे. पैसा कोणाकडून घेतला नाही. पण मान मिळत होता, आणि मानाची गोडी पैशाहून कमी नसते, हे मी आता लपवीत नाही.

कोणाला मुलगा झाला की पेढे आधी माझ्या घरी येत. मुलगी झाली की कोणी मला जाब विचारायला येत नसे. ती बाई घरी बसून आपलेच काय चुकले हे शोधत राही. आणि एखादी आलीच तर मी म्हणे, “तुझे मोजण्यात चुकले असेल.” नाहीतर दुसरी मोजणी काढी. पाळीची रात्र जुळली नाही तर तिथी पाहायची, तिथी जुळली नाही तर इंग्रजी तारीख. कोठे ना कोठे जुळतेच! तुम्हीच पाहा. पाळीपासूनची दहावी रात्र म्हणजे सम, म्हणजे मुलगा. तीच रात्र महिन्याच्या १५ तारखेला आली तर विषम, म्हणजे मुलगी. शिवाय तारीख बदलते मध्यरात्री आणि तिथी बदलते केव्हाही. ३१ तारीख विषम आणि तिच्या दुसऱ्या दिवशीची १ तारीखही विषम. मग त्या दोन दिवसांत काय सगळ्या जगात मुलीच राहायच्या? एवढा साधा विचार माझ्या डोक्यात कधी आला नाही.

आता चुकीकडे येते. माझ्या धाकट्या जावेला पहिल्या दोन मुली. ती इथे समोर बसली आहे आणि तिला विचारूनच मी हे सांगते आहे. दुसऱ्या मुलीच्या वेळी सासूबाई म्हणाल्या, “तिले मोजताच आलं नसन!” आणि मी मान डोलावली. तिसऱ्या वेळी मी स्वतः तिला तारखा लिहून दिल्या. तिच्या अंगात रक्त कमी होते, पाठोपाठची बाळंतपणे झालेली, आणि तिला विसाव्याची गरज होती. पण तारखा हाती आहेत म्हटल्यावर घरातल्या कोणाला तिच्या प्रकृतीची आठवण राहिली नाही. बाळंतपणात रक्त चढवावे लागले. दोन दिवस आम्ही दवाखान्याच्या पायरीवर बसून होतो. २०१३ सालची ही गोष्ट. तिसरीही मुलगीच झाली. मी खाटेजवळ गेले, तेव्हा बाळ दाखवायच्या आधी ती मला म्हणाली, “नाही व ताई, मी तारीख नाही चुकवली.”

भगिनींनो, मरणाच्या दारातून आलेली बाई पहिले वाक्य काय बोलते, तर मी चुकले नाही! ते वाक्य तिच्या तोंडी मीच घातले होते. त्या दिवसापासून मी तारखा देणे सोडले. पण का सोडले हे मी कोणाला सांगितले नाही, आणि ते न सांगणे ही माझी दुसरी चूक.

पुढे २०२० साली कीर्तनकार निवृत्ती महाराज देशमुख इंदुरीकर यांच्या कीर्तनातले बोलणे घरोघरच्या मोबाईलवर आले. सम तारखेला स्त्रीसंग झाला तर मुलगा आणि विषम तारखेला झाला तर मुलगी, असा त्याचा अर्थ. त्यावर गदारोळ झाला. महाराजांनी दिलगिरीही व्यक्त केली. संगमनेरच्या न्यायालयात खटला दाखल झाला. २०२१ साली सत्र न्यायालयाने तो रद्द केला, २०२३ साली उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने तो पुन्हा उभा केला आणि सर्वोच्च न्यायालयाने त्यात फेरफार केला नाही. दोष आहे की नाही हे ठरवणे न्यायालयाचे काम. मी त्यांना नावे ठेवायला उभी नाही. मी तेच माझ्या ओसरीवर बसून सांगत होते. पण त्या दिवसांत दोघीतिघी मला म्हणाल्या, “पाहा, तुमचे खरेच होते की!” तेव्हा मात्र मला लाज वाटली आणि खरे काय ते समजून घ्यावे असे मी ठरवले.

माझे शिक्षण सातवीपर्यंतचे. म्हणून उपकेंद्रातल्या नर्सबाईंना विचारले आणि मुलीच्या विज्ञानाच्या पुस्तकातला धडा तिच्याकडून दोनदा वाचून घेतला. ते असे आहे. बाळाला आईकडून एक गुणसूत्र मिळते ते नेहमी एक्सच असते. बापाच्या बीजात मात्र दोन जाती असतात, काहींत एक्स आणि काहींत वाय. एक्स मिळाले तर मुलगी, वाय मिळाले तर मुलगा. म्हणजे मुलगा की मुलगी हे ठरते बापाच्या बीजावरून, आणि तेही त्याच्या हाती नसते. १९०५ साली अमेरिकेत नेटी स्टीव्हन्स नावाच्या एका बाईंनी हे दाखवून दिले, आणि तेही कशावर? तर पिठात होणाऱ्या किड्यांवर! पीठ चाळताना आपण ज्यांना वेचून फेकतो तसल्या किड्यांत त्या बाईंना हे दिसले, आणि आपण शंभर वर्षांनंतरही सुनेलाच बोल लावतो.

दुसरी गोष्ट नर्सबाईंनी सांगितली. स्त्रीचे बीज महिन्यातून एकदा सुटते आणि जेमतेम एक दिवस टिकते. पुरुषाचे बीज स्त्रीच्या शरीरात पाच दिवसांपर्यंत जिवंत राहू शकते. तेव्हा संग ज्या रात्री झाला त्याच रात्री गर्भ राहिला असे मुळीच नाही. तो दोन-तीन दिवसांनीही राहू शकतो. मग मी गोल केलेली तारीख नेमकी कशाची होती? कशाचीच नाही.

कोणी म्हणेल, आपले जुने लोक अडाणी होते, पण इंग्रजी डॉक्टरही तारखा देतात. देत होते खरे. अमेरिकेतल्या डॉ. लँड्रम शेटल्स यांनी १९६० नंतरच्या काळात असे मांडले की, बीज सुटण्याच्या सुमारास संग झाला तर मुलगा आणि काही दिवस आधी झाला तर मुलगी. त्यावर पुस्तकेही खूप खपली. पुढे तिकडेच २२१ स्त्रियांनी रोज लघवीचा नमुना आणि रोजची नोंद ठेवली. बीज नेमके कोणत्या दिवशी सुटले हे त्यावरून काढले. १९९५ साली त्याचा निकाल छापला गेला: गर्भ राहण्याचे दिवस महिन्यात सहाच, आणि त्या सहांपैकी कोणत्या दिवशी संग झाला याचा मुलगा-मुलगी होण्याशी काही संबंध नाही. आता मोबाईलवर आईचे वय आणि महिना घालून पाहायचा चिनी तक्ता फिरतो. स्वीडन देशात २८ लाखांवर जन्मांशी तो ताडून पाहिला, तर निम्मे बरोबर, निम्मे चूक. त्यापेक्षा रुपया उडवावा!

तेही आम्ही केले. मी ज्यांना तारखा दिल्या त्या आठवून आठवून चौदा जणी निघाल्या. आठ वेळा माझे खरे झाले, सहा वेळा खोटे. मुलीने लगेच रुपया काढला आणि चौदा वेळा उडवला. सात वेळा छाप पडला. रुपयात आणि माझ्यात अंतर ते काय, एका बाळाचे! फक्त रुपयाला कोणी पेढे देत नाही, आणि काटा पडला म्हणून कोणी सुनेला उपाशी ठेवत नाही.

यात गंमत असती तर मी बोललेही नसते. डोहाळजेवणात वाटीखाली बर्फी की पेढा हे आपण ओळखतो, हसतो आणि विसरतो. त्यात कोणाचे वाईट होत नाही. तारखांचे तसे नाही. तारीख म्हणजे बाईवर घातलेली जबाबदारी. तारीख चुकली म्हटले की आणखी एक बाळंतपण, आणि त्याहून पुढे गेले की चोरून केलेली तपासणी. निसर्गात १०० मुलींमागे सुमारे १०५ मुलगे जन्मतात. म्हणजे हजार मुलग्यांमागे साडेनऊशे मुली दिसायला हव्यात. महाराष्ट्रात सहा वर्षांपर्यंतच्या मुलांत २००१ साली त्या ९१३ होत्या आणि २०११ च्या जनगणनेत ८९४. गर्भलिंग तपासणीविरुद्ध देशातला पहिला कायदा १९८८ साली आपल्याच राज्याने केला, १९९४ साली तो सगळ्या देशासाठी झाला आणि २००३ पासून गर्भ राहण्यापूर्वीची लिंगनिवडही त्यात आली. कायदा आहे, पण घरातल्या भिंतीवरच्या कॅलेंडरजवळ शिपाई उभा करता येत नाही. तिथे आपणच उभे राहायला हवे.

म्हणून माझी एवढीच विनंती आहे. आपल्या मंडळात कोणी तारखा विचारल्या तर हसून टाळू नका, जशी मी इतकी वर्षे टाळली. ते खोटे आहे असे स्पष्ट सांगा. आणि कोणाच्या घरी मुलगी झाली की त्याच दिवशी बाळंतिणीकडे जा, तिच्या अंगात रक्त किती आहे ते विचारा, आणि तिच्या सासूच्या देखत म्हणा की, हिचे काही चुकलेले नाही.

त्या नव्या सुनेला मी उद्या घरी बोलावले आहे. तिला तारखा मिळणार नाहीत. वर सांगितलेले सगळे मात्र सांगणार आहे. आणि माझ्या जावेची ती तिसरी लेक, जिने आता थोड्या वेळापूर्वी स्वागताचे गीत म्हटले, तिच्याकडे पाहून मी आज तिच्या आईची सर्वांसमक्ष क्षमा मागते. तिची तारीख चुकली नव्हती. माझे मोजणे चुकले होते.